तुम्ही विचारलंत म्हणून: सचिनशेजारचा तो बुटका कोण?

लीड्समधल्या आमच्या घरी येणारा मराठी माणूस बूट काढता काढता भिंतीवरचे दोन फोटो बघतो. पहिला ओळखायला त्याला अर्धा सेकंद पुरतो: १९९२ सालचा एकोणीस वर्षांचा सचिन, डोक्यावर यॉर्कशरची सपाट टोपी, हातात बिअरचा ग्लास. (ते कोकम सरबत आहे असं आम्ही आईला बरीच वर्षं सांगत होतो.) यॉर्कशरकडून खेळलेला पहिला परदेशी खेळाडू तो, हे आम्हा सगळ्यांना पाठ. मग नजर शेजारी सरकते आणि ठरलेला प्रश्न येतो. "आणि हा कोण?"

हल्ली त्या प्रश्नाला शेपूट फुटलंय. परवा भाचा आला, फोटो बघून म्हणाला, "मामा, हा तो व्हीलचेअरवाला ना? मित्राने उचलून फिनिश लाइनपार नेला तो?"

तोच. रॉब बरो, आमच्या लीड्सचा रग्बी खेळाडू. पण भाच्याला जे सांगितलं ते इथेही सांगतो: हा फोटो मी २०११ साली लावलाय. तेव्हा व्हीलचेअर नव्हती. तेव्हा तो कुणाच्या हाती लागत नव्हता.

मी इथे आलो तो क्रिकेटच्या नादाने हेडिंग्लीला जाणारा माणूस. २००२ च्या कसोटीत द्रविड, सचिन आणि गांगुली तिघांनीही शतक ठोकलं ते हेच मैदान. त्या मैदानाच्या एका स्टँडला दोन तोंडं आहेत, एक क्रिकेटकडे आणि दुसरं रग्बीकडे. पाठीला पाठ लावून बसलेल्या दोन जावा म्हणा. पलीकडून येणाऱ्या आरोळ्या ऐकत मी दोन उन्हाळे काढले. मग शेजारचे आजोबा, जन्म कोळशाच्या खाणीत काढलेले, एका शुक्रवारी मला पलीकडच्या बाजूला घेऊन गेले.

रग्बी म्हटलं की आपण एकच खेळ धरतो. इथे तसं म्हणालात तर चहा मिळणार नाही. १८९५ साली हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेतल्या क्लबांनी बैठक घेतली आणि मूळ संघटनेतून फुटून निघाले. भांडण पैशाचं होतं. शनिवारी सामना खेळायचा तर खाणीतला, गिरणीतला खाडा व्हायचा, आणि बुडालेली मजुरी भरून द्यायला लंडनची साहेबमंडळी तयार नव्हती. त्या फुटीतून पुढे रग्बी लीग झाली. गिरणगावातल्या कबड्डी संघांच्या गोष्टी ऐकत वाढलेल्या माझ्यासारख्याला एवढं पुरे होतं, तिथेच मी त्यांच्या बाजूचा झालो.

आणि खेळही कबड्डीच्या अंगानेच समजला. तेरा जण. चेंडू हातात घेऊन पुढे घुसायचं, म्हणजे चढाई. समोरचे धरून पाडतात, म्हणजे पकड. पडलेला उठतो, चेंडू पायाने मागे सरकवतो, मागचा उचलतो, पुन्हा चढाई. सहा पकडी झाल्या की चेंडू समोरच्यांना. पास फक्त मागे द्यायचा. बाकीचं बघता बघता कळतं.

तर त्या पहिल्या शुक्रवारी, शंभर-शंभर किलोच्या गड्यांच्या मध्ये सात नंबरचा शर्ट घातलेला एक पोरगेला जीव दिसला. मला वाटलं, चेंडू आणून देणारा मुलगा चुकून आत राहिलाय. आजोबांना तसं विचारलंही. थर्मासमधला चहा त्यांच्या नाकातून बाहेर आला.

उंची पाच फूट पाच इंच. सचिनएवढीच, म्हणून तर शेजार. वजन सत्तर किलोच्या आसपास. सुपर लीग, म्हणजे रग्बी लीगची इथली वरची स्पर्धा, तिच्यातला चणीने सगळ्यात लहान खेळाडू म्हणून पेपरवाले त्याला ओळखत. जन्म जवळच्या पॉन्टेफ्रॅक्टचा. २००१ साली लीड्स ऱ्हायनोज या इथल्या क्लबकडून उतरला तो २०१७ पर्यंत तिथेच, ४९२ सामने, दुसरा क्लब नाही. १९७२ नंतर लीड्सला लीगचं विजेतेपद मिळालं नव्हतं. २००४ साली ते मिळालं, आणि मग मिळतच गेलं. या पठ्ठ्याने आठ ग्रँड फायनल, म्हणजे लीगचं विजेतेपद ठरवणारे अंतिम सामने, जिंकल्या.

ज्याच्यासाठी फोटो लावला ती २०११ ची फायनल. मँचेस्टरचं ओल्ड ट्रॅफर्ड, समोर सेंट हेलेन्स. लीड्स त्या मोसमात पाचवे आले होते, त्यामुळे आजोबांनी येतानाच हाय खाल्लेली. रॉब सुरुवातीला बाकावर होता. पहिल्या डावातच त्याला आत सोडला. मैदानाच्या मध्याजवळ आपला एक गडी पाडला गेला, रॉबने मागून चेंडू उचलला आणि सरळ समोरच्या गड्यांच्या भिंतीवर धावला. पहिल्याने मिठी मारायला हात पसरले. हुतुतूत साखळी पडताना एखादा पोरगा गुडघे मोडून खालून निसटतो ना, तसा हा त्या काखेखालून गेला. मिठी बंद झाली तेव्हा तिच्यात हवाच होती. पुढे फक्त शेवटचा राखणदार. त्याला एका बाजूची हूल दिली, दुसऱ्या बाजूने निघाला आणि जवळजवळ अर्धं मैदान एकट्याने कापून चेंडू रेषेपार टेकवला, म्हणजे गुण. मध्ये एकदा लीड्स मागे पडले, पण शेवटी ३२-१६ ने जिंकले. सामनावीराचा हॅरी संडरलंड करंडक सगळ्या पत्रकारांनी एकमताने त्याला दिला. उंच असता तर त्या काखेत अडकला असता, असं आजोबा परतीच्या गाडीत पुनःपुन्हा म्हणत होते.

आता पुढचं, कारण ते टाळलं तरी तुम्ही विचारणारच. २०१९ च्या डिसेंबरात मोटर न्यूरॉन आजाराचं निदान झालं. वय ३७, तीन लहान मुलं. मेंदूकडून स्नायूंना जाणारे निरोप बंद होत जातात, हात-पाय, गिळणं, बोलणं एकेक करून जातं. जानेवारी २०२० मध्ये हेडिंग्लीवर सामना झाला, शेवटच्या काही मिनिटांसाठी रॉब मैदानात उतरला. मी आणि आजोबा होतो. मी टाळ्या वाजवत होतो, ते खिशात रुमाल शोधत होते.

वाचा गेल्यावर तो नजरेने चालणाऱ्या कॉम्प्युटरवर बोलायचा, आणि त्यातून येणारा आवाज त्याचाच होता, जुन्या रेकॉर्डिंगवरून जुळवलेला, अस्सल यॉर्कशरी हेल असलेला. त्याचा जुना कप्तान केव्हिन सिनफील्ड सात दिवसांत सात मॅरेथॉन धावला. सातचा शर्ट म्हणून उद्दिष्टही ७७,७७७ पौंड. जमले वीस लाखांच्या पुढे. मे २०२३ मध्ये रॉबच्याच नावाच्या मॅरेथॉनमध्ये सिनफील्डने त्याची खुर्ची ढकलत नेली आणि शेवटी त्याला उचलून रेषा ओलांडली. भाच्याने पाहिलेला व्हिडिओ तो. २ जून २०२४ ला रॉब गेला. दुसऱ्या दिवशी लीड्सच्या सीक्रॉफ्ट हॉस्पिटलात या आजाराच्या केंद्राचं काम सुरू झालं. ते थांबवायचं नाही, असं त्यानेच सांगून ठेवलं होतं.

हे सगळं मोठंच आहे, मला त्यात कमी करायचं नाही. पण सोळा-सतरा वर्षं ज्याला धरता धरता भलेभले तोंडघशी पडले, त्याला लोक फक्त दुसऱ्याच्या हातांवर बघतात, याची मला रुखरुख लागते.

म्हणून भाच्याला स्वयंपाकघरात नेलं, चहा ठेवला आणि मोबाइलवर २०११ चा तुकडा लावून दिला. काखेखालून निसटणं, हूल, धाव. चहाला उकळी यायच्या आत संपलं.

"मामा," तो म्हणाला, "परत लाव. तो गेला कुठून ते मला दिसलंच नाही."