खालची नावांची पट्टी

ठाण्यातल्या शाळेच्या जुन्या वर्गफोटोत पुठ्ठ्यावर खाली बारीक अक्षरांत नावं असतात: 'उभे, डावीकडून'. फ्रेमवाला नेमकी हीच पट्टी कापतो. फोटो उरतो, माणसं निनावी होतात. याच फोटोंच्या मागे ठाणंही आहे: कौलारू घरं, मोकळी मैदानं, तळ्याचे काठ. १६ एप्रिल १८५३ ला पहिली आगगाडी ठाण्यात आली हे पुस्तकात राहिलं; शाळेमागची गल्ली १९६५ साली कशी दिसायची हे पुस्तकात नाही. स्टुडिओ बंद पडले तशा कितीतरी निगेटिव्ह भंगारात गेल्या. कृष्णधवल फिल्ममध्ये चांदी असते ना!

उरलंय ते तुमच्या माळ्यावर. चिकट पानांच्या अल्बममधून फोटो ओढून काढू नका, कोपरे फाटतात. डेंटल फ्लॉस फोटोखालून करवतीसारखा हळू फिरवा. तरीही सुटला नाही तर पानासकट स्कॅन करा. निगेटिव्हच्या डब्याला व्हिनेगरसारखा आंबूस वास आला, तर फिल्म आतून कुजते आहे. तो डबा लगेच वेगळा ठेवा, कारण ती वाफ शेजारच्या फिल्मलाही बिघडवते. स्कॅनिंगला पहिला नंबर त्याचाच.

२६ जुलै २००५ सारखं पाणी घरात शिरलं, तर भिजलेला गठ्ठा उन्हात वाळवायचा मोह टाळा. चित्र धरून ठेवणारा जिलेटिनचा थर वाळताना फोटो एकमेकांना कायमचे चिकटतात. थंड, स्वच्छ पाण्यात एकेक सोडवा, चित्राला बोट न लावता, आणि सावलीत उताणे वाळवा. दोन दिवसांत बुरशी धरते. तेवढ्यात उरकणार नसेल तर मध्ये बटर पेपर घालून, पिशवीत बांधून फ्रीझरमध्ये ठेवा.

स्कॅन ६०० डीपीआयवर (इंचाला ६०० ठिपके), चित्राचा दर्जा न घटवणाऱ्या टिफ फाइलमध्ये. ४ बाय ६ इंचांचा फोटो २४०० बाय ३६०० पिक्सेल होतो, फाइल साधारण २५ एमबीची. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवू नका, तो आक्रसतो. डॉक्युमेंट म्हणून पाठवा. तीन प्रती हव्यात, त्यांतली एक ठाण्याबाहेर. फोटोच्या मागे लिहायचं ते मऊ पेन्सिलीनं, बॉलपेनचा वळ पुढे उमटतो.

पण स्कॅनर थांबू शकतो, सत्तरी-ऐंशीतले माजी विद्यार्थी नाही. शाळेच्या महोत्सवाला ते येतील तेव्हा मोठी प्रिंट तयार ठेवा. वर ट्रेसिंग पेपर, त्यावर प्रत्येक चेहऱ्याभोवती रेघ आणि तिच्या आत आकडा, शेजारी वही. एकाच आकड्याला दोघांनी दोन नावं सांगितली तर दोन्ही लिहा, सांगणाऱ्यासह. मुलींची माहेरची आणि सासरची, दोन्ही आडनावं घ्या. आणि कडेला उभ्या शिपाईमामांचं नाव आवर्जून विचारा. छापील पट्टीतही ते बहुधा नसतं.