लठ्ठपणाची शस्त्रक्रिया आणि विम्याचा दावा : जिल्हा परिषदेच्या शिक्षिकेचा अनुभव

२०२५ मध्ये माझी बॅरिॲट्रिक शस्त्रक्रिया झाली आणि तिचा बहुतेक खर्च विम्यातून मिळाला. तेव्हापासून तालुक्यातल्या शिक्षिकांचे फोन येतात. पहिला प्रश्न ठरलेला असतो : "बाई, वजन कमी करायला विमा पैसे देतो का हो?" वजन कमी करायला देत नाही. पण तीव्र लठ्ठपणासोबत काही ठरावीक आजार असतील आणि बाकीच्या अटी पूर्ण होत असतील, तर शस्त्रक्रियेचा खर्च मिळू शकतो. हे मला कागदोपत्री सिद्ध करावं लागलं, म्हणून सविस्तर लिहिते.

मी सातारा जिल्ह्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. उंची १५५ सेंटिमीटर, वजन ९४ किलो, म्हणजे बीएमआय (उंचीच्या मानाने वजन किती ते सांगणारा आकडा) ३९ च्या आसपास. धाकटीच्या जन्मानंतर मधुमेह मागे लागला तो लागलाच. इन्सुलिन सुरू होतं, तरी एचबीए१सी (तीन महिन्यांच्या सरासरी साखरेची तपासणी) ९ च्या खाली उतरत नव्हतं. रात्री झोपेत माझा श्वास थांबायचा. हे जागे राहून तो परत सुरू होण्याची वाट बघायचे. आणि दुपारच्या तासाला फळ्यासमोर उभ्या उभ्या माझे डोळे मिटायला लागले. पोरं समोर बसलेली आणि मी गुंगीत, हे मला सोसवेना.

डॉक्टरांनी दोन वाटा सांगितल्या : आठवड्याला एक घ्यायचं इंजेक्शन, नाहीतर शस्त्रक्रिया. हे इंजेक्शन, टिर्झेपेटाइड म्हणजे मौंजारो, मार्च २०२५ मध्ये भारतात आलं तेव्हा २.५ मिलिग्रॅमची कुपी ३,५०० रुपयांना आणि ५ मिलिग्रॅमची ४,३७५ रुपयांना होती. आठवड्याला एक धरली तर महिन्याला १४ ते साडेसतरा हजार, आणि औषध थांबवलं की वजन परत चढण्याची शक्यता मोठी. माझी पॉलिसी फक्त रुग्णालयात दाखल झाल्यावरचा खर्च देते. घरी टोचायचं औषध त्यात बसत नाही. घराचा हप्ता आणि दोन मुलांची शिक्षणं सांभाळून ते वर्षानुवर्षं चालवणं आम्हाला शक्य नव्हतं.

मग पंचायत समितीत वैद्यकीय प्रतिपूर्तीची चौकशी केली. भाऊसाहेबांनी फाईल काढून दाखवली. १९ मार्च २००५ च्या शासन निर्णयात २७ आकस्मिक आणि ५ गंभीर आजारांची यादी आहे, खासगी रुग्णालयातल्या उपचारांची बिलं तिच्या आधारे तपासली जातात. "बाई, यादीत नाही. प्रस्ताव पाठवला तर शेरा मारून परत येईल," ते म्हणाले. त्यांचा दोष नव्हता. पण त्या गंभीर आजारांत हृदयाची बायपास आहे, मूत्रपिंडाचं प्रतिरोपण आहे. अनेक वर्षं ताब्यात न आलेला मधुमेह माणसाला नेमका तिथेच नेऊन पोचवतो. उद्या माझं मूत्रपिंड निकामी झालं तर शासन खर्च देईल, ते होऊ नये म्हणून आज केलेल्या शस्त्रक्रियेला देणार नाही. ही यादी बदलायला हवी असं मला मनापासून वाटतं.

राहिली पतसंस्थेमार्फत घेतलेली गट आरोग्य पॉलिसी. तिच्या पुस्तिकेत 'लठ्ठपणा व वजन नियंत्रण' हे वगळलेल्या गोष्टींच्या यादीत छापलेलं होतं. बहुतेक जणी इथेच पान मिटतात. खालचा मजकूर वाचायलाच हवा. आयआरडीएआय या विमा नियामकाने २०१९ मध्ये अशा वगळणुकींची भाषा सगळ्या कंपन्यांसाठी एकसारखी केली, त्यातली ही सहाव्या क्रमांकाची. तिचा अर्थ असा की पुढच्या अटी पूर्ण होत नसतील, तर लठ्ठपणाच्या शस्त्रक्रियेचा खर्च मिळणार नाही. शस्त्रक्रिया डॉक्टरांच्या सल्ल्याने हवी. तिला वैद्यकीय मार्गदर्शक तत्त्वांचा आधार हवा. वय १८ किंवा जास्त हवं. आणि बीएमआय ४० किंवा जास्त हवा, नाहीतर ३५ किंवा जास्त असून सोबत गंभीर आजार हवा : लठ्ठपणामुळे झालेला हृदयस्नायूंचा विकार, हृदयधमन्यांचा आजार, तीव्र स्लीप ॲप्निया (झोपेत श्वास अडण्याचा आजार) किंवा ताब्यात न येणारा टाइप २ मधुमेह. शिवाय कमी त्रासाचे उपाय करून ते अपयशी ठरलेले असावेत. यातले दोन आजार मला होते.

खरा वेळ गेला तो कमी त्रासाचे उपाय अपयशी ठरल्याच्या अटीत. आहार सांभाळला, चालले, औषधं घेतली हे मला ठाऊक, पण त्याचा पुरावा? इथे माझे कराडचे फॅमिली डॉक्टर देवासारखे उपयोगी पडले. त्यांना प्रत्येक भेटीत केसपेपरवर वजन लिहायची सवय आहे. जुने केसपेपर काढले तर वर्षानुवर्षांचं वजन तारखेसकट समोर आलं. आहारतज्ज्ञांच्या चिठ्ठ्या, एचबीए१सीचे सगळे रिपोर्ट, वाढत गेलेल्या इन्सुलिनच्या डोसची प्रिस्क्रिप्शन्स हे सगळं तारखेप्रमाणे लावलं. पुण्यात रात्रभराची झोपेची तपासणी केली. तासाला ३० किंवा जास्त वेळा श्वास अडत असेल तर ॲप्निया तीव्र मानतात, माझा आकडा त्याच्या बराच वर होता. झोपेत श्वास चालू ठेवणारं सीपॅप मशीन तेव्हाच सुरू झालं. तुम्ही उपचारांच्या वाटेवर असाल तर डॉक्टरांना विनंती करून दर भेटीत वजन आणि उंची कागदावर लिहून घ्या. पुढे दावा त्यावर उभा राहतो.

रुग्णालयाच्या टीपीए डेस्कने (विम्याचे दावे पाहणारा कक्ष) कॅशलेससाठी प्री-ऑथ, म्हणजे आगाऊ मंजुरीची विनंती, पाठवली आणि नकार आला. 'लठ्ठपणावरील उपचार देय नाहीत,' एवढंच एक वाक्य आणि कलमाचा क्रमांक. डेस्कवरचा मुलगा म्हणाला, "मॅडम, बऱ्याच जणांचं असंच येतं, पैसे भरून करून घ्या." मी पैसे भरले नाहीत. शस्त्रक्रिया पुढे ढकलायला सर्जननी परवानगी दिली आणि आम्ही लेखी उत्तर तयार केलं. कंपनीने ज्या कलमावर बोट ठेवलं होतं, त्याचीच प्रत्येक अट लिहून तिच्यासमोर पुरावा आणि त्याचा पान क्रमांक दिला. मधुमेहतज्ज्ञांनी वेगळं प्रमाणपत्र दिलं. त्यात निदान, किती काळ कोणते उपचार झाले, ते का अपुरे पडले आणि शस्त्रक्रिया का हवी, हे स्पष्ट लिहिलं. 'रुग्णाचे वजन जास्त असल्याने शस्त्रक्रिया सुचवली आहे' अशी एका ओळीची चिठ्ठी घेऊ नका.

मे २०२४ च्या आयआरडीएआयच्या परिपत्रकाचाही उल्लेख केला. दावा नाकारायचा तर कंपनीच्या दावा आढावा समितीची मंजुरी लागते आणि पॉलिसीतल्या नेमक्या अटीचा संदर्भ देऊन नकार तपशीलवार कळवावा लागतो, असं त्यात आहे. हे पत्र कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्यांना ईमेलने पाठवलं. तिथे ३० दिवसांत उत्तर मिळालं नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपालांकडे जाता येतं. आपल्या सातारा भागासाठी ते पुण्यात बसतात. फी नाही, वकील लागत नाही, आणि ५० लाखांपर्यंतचे दावे तिथे चालतात. मला तिथवर जावं लागलं नाही. कंपनीने झोपेच्या तपासणीचा मूळ रिपोर्ट मागितला आणि मंजुरी दिली.

शस्त्रक्रियेबद्दल थोडक्यात. आधी दोन आठवडे पातळ, कमी उष्मांकांचा आहार होता, त्याने यकृत आकसतं आणि सर्जनना जागा मिळते. मग दुर्बिणीतून स्लीव्ह गॅस्ट्रेक्टॉमी झाली, यात जठराचा साधारण पाऊण भाग काढतात. वैद्यकीय प्रमाणपत्रावर परिवर्तित रजा घेतली. बिलातून हातमोजे, डिस्पोजेबल साहित्य वगैरे वजा झालं. खोली पॉलिसीतल्या मर्यादेतच निवडा. खोलीचं भाडं मर्यादेबाहेर गेलं की कित्येक पॉलिसींत त्याच प्रमाणात बाकीच्या शुल्कांतही कपात होते. बी १२, लोह, कॅल्शियम आणि ड जीवनसत्त्व आयुष्यभर घ्यायचं आहे, तो खर्च माझा. आता वजन ७२ किलो आहे, इन्सुलिन बंद आहे आणि दुपारचा गणिताचा तास मी पूर्ण जागेपणी घेते.

एक गोष्ट मात्र मनात सलते आहे. खटाव तालुक्यातल्या एका शिक्षिकेचा बीएमआय ३४ आहे, साखर माझ्यापेक्षा वाईट. भारतीयांमध्ये पोटाभोवतीची चरबी जास्त असते आणि कमी बीएमआयलाच मधुमेह होतो, म्हणून भारतीय डॉक्टरांनी २००९ मध्येच आपल्यासाठी शस्त्रक्रियेचे आकडे खाली आणले : ३७.५, आणि सोबत आजार असतील तर ३२.५. डॉक्टरांच्या लेखी ती शस्त्रक्रियेला पात्र आहे, पॉलिसीच्या लेखी नाही. बीएमआय ३५ होईपर्यंत तिने वजन वाढू द्यायचं का?

गट पॉलिसीच्या अटी नूतनीकरणाच्या वेळी बोलणी करून बदलता येतात, हे मला या सगळ्या धावपळीत कळलं. पतसंस्थेच्या संचालकांना मी लेखी पत्र दिलं आहे : पुढच्या करारात ४० आणि ३५ ऐवजी ३७.५ आणि ३२.५ हे आकडे घालून घ्या, त्यासाठी हप्ता किती वाढेल ते कंपनीकडून लिहून घ्या आणि सर्वसाधारण सभेपुढे ठेवा. शासनाच्या यादीबद्दलचं निवेदन शिक्षक संघटनेकडे वेगळं दिलं आहे. ज्यांना सही करायची आहे त्यांनी आपल्या केंद्रप्रमुखांकडे नाव द्यावं, पत्राची प्रत मी सगळ्या केंद्रांवर पाठवली आहे.