सुलट-उलट : आधी बघा, धागा कुठे आहे

विणकाम शिकायला लोकर गुळगुळीत आणि फिक्या रंगाची घ्या. काळ्या किंवा केसाळ लोकरीत टाका दिसतच नाही. मध्यम जाडीच्या लोकरीला ८ नंबरच्या सुया, म्हणजे ४ मिलिमीटरच्या. आपल्याकडच्या जुन्या नंबरांत आकडा वाढला की सुई बारीक होते (१० नंबर ३.२५ मिमी), अमेरिकन नंबरांत मात्र जाड. तिथला ८ म्हणजे ५ मिमी. व्हिडिओ बघून शिकत असाल तर मिलिमीटरच बघा.

२० टाके घाला, सैलसर. घट्ट घातले तर पहिल्याच ओळीत सुई आत शिरणार नाही.

सुलट टाक्याला धागा विणीच्या मागे. उजवी सुई डाव्या सुईवरच्या टाक्यात पुढून मागे घाला, टोकाला घड्याळाच्या उलट दिशेने धाग्याचा एक वेढा द्या, तो वेढा टाक्यातून पुढे ओढा आणि जुना टाका डाव्या सुईवरून सोडून द्या. उलट टाक्याला धागा पुढे. सुई उजवीकडून, मागून पुढे येते, वेढा वरून पण त्याच दिशेने पडतो आणि मागे ढकलायचा असतो. हा वेढा खालून दिला की टाका सुईवर वाकडा बसतो आणि पुढच्या ओळीत पीळ पडतो. बहुतेकांचं उलटचं विणकाम इथेच बिघडतं.

खरं तर टाका एकच. सुलट टाका मागून बघा, तो उलटच दिसतो. म्हणून सगळ्या ओळी सुलट विणल्या तर दोन्ही बाजूंना आडव्या कडा उठतात, दोन ओळींची एक कड. एक ओळ सुलट, एक उलट विणली की समोर इंग्रजी व्हीच्या रांगा आणि मागे मणी. हा तुकडा गुंडाळणारच : बाजूच्या कडा मागे, वरच्या-खालच्या पुढे. तुमचं काही चुकलेलं नाही, ती विणच तशी. इस्त्रीने हट्ट करू नका, ॲक्रिलिक लोकर चपटी होऊन मरते. त्याऐवजी चारही बाजूंना सगळ्या ओळी सुलट विणलेली पट्टी ठेवा : बाजूंना ४ टाके, वर-खाली ४ ओळी.

आता २ सुलट, २ उलट. २० टाक्यांवर प्रत्येक ओळ सुलटनेच सुरू होते. सुलटवरून उलटवर जाताना धागा दोन सुयांच्या मधून पुढे आणायचा, परतताना मधूनच मागे. सुईवरून नेलात तर एक जादा वेढा पडतो; पुढच्या ओळीत तो टाका म्हणून विणला जातो, खाली भोक राहतं आणि २० चे २१ होतात. ओळीच्या सुरुवातीलाही तेच : धागा सुईवरून मागे ओढला गेला तर पहिल्या टाक्याचे दोन पाय, म्हणजे त्याच्या फासाचे दोन धागे, वर येतात आणि दोन टाके असल्यासारखे दिसतात. धागा खाली, समोर घ्या, मग सुईखालून मागे न्या.

पहिल्या दहा ओळी प्रत्येक ओळीनंतर टाके मोजा. सुटलेला टाका क्रोशाच्या सुईने सुलट बाजूने, एकेक आडवा धागा उचलत वर आणता येतो.