२०० ग्रॅम मेथी

पालेभाजी मी काट्यावर वजन करून का करते, हे तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. तसं गेली सात वर्षं कुणी ना कुणी हे विचारतंच. जाऊबाई, समोरच्या काकू, स्वयंपाकाला मदतीला येणाऱ्या मावशी, एकदा तर सिलिंडर घेऊन आलेला मुलगा दारातूनच म्हणाला, "काकू, भाजी वजन करून?" ओट्यावर काटा, काट्यावर पातेलं, पातेल्यात निवडलेली मेथी, आणि मी चष्मा पुढे ओढून आकडा वाचतेय. पालेभाजी ही मुठीने करायची गोष्ट आहे हे मला ठाऊक आहे. चाळिशीपर्यंत मीही मुठीनेच केली.

माझं ठरलेलं उत्तर असतं, "बापूंना रक्त पातळ ठेवायची गोळी आहे ना, म्हणून." त्यावर समोरून हमखास येतं, "अगंबाई, मग पालेभाजी देतेस कशाला? बंदच कर की!" इथे माझं डोकं फिरतं. कारण बंद करून बघितलेलं आहे. मीच केली होती.

बापूंच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या, हृदयातली एक झडप धातूची आहे. लहानपणी सांधे धरून ताप आला होता, त्याने मूळची आकसली, ती २०१६ मध्ये बदलली. धातूच्या झडपेवर रक्ताची गुठळी धरू नये म्हणून वॉरफरिन नावाची गोळी, जन्मभर. रक्त गोठायला किती वेळ लागतो हे आयएनआर नावाच्या आकड्यावरून कळतं. तुमचा-माझा १ च्या आसपास, बापूंचा अडीच ते साडेतीनच्या मध्ये राहायला हवा. त्याखाली गेला की गुठळीची भीती, वर गेला की रक्तस्रावाची. रक्त गोठायला लागणारं व्हिटॅमिन के असतं हिरव्या पानांत, आणि ही गोळी नेमकी त्याच्याच आड येते. पाला एकदम वाढला की गोळी कमी पडते. पाला एकदम तोडला की तीच गोळी जास्त होते. म्हणून रोजचं खाणं सारखं ठेवायचं आणि त्याच्यावर डॉक्टरांनी गोळी बसवायची. एवढं साधं आहे, पण हे मला २०१६ मध्ये कुणी एवढं साधं सांगितलं नाही. किंवा सांगितलं असेल. डिस्चार्जच्या दिवशी मी काय ऐकलं आणि काय नाही, देवाला ठाऊक. कागदावर 'हिरव्या पालेभाज्या टाळा' अशी एक ओळ होती, तेवढी मी पकडली.

आणि घट्ट पकडली. दोन वर्षं आमच्या घरात मेथी, पालक, चाकवत, काही म्हणजे काही शिरलं नाही. बार्शीकडचा शेतकरी माणूस, जन्मभर भाकरी आणि पाल्यावर वाढलेला, त्याला मी पुण्यात आणून दुधी, दोडका आणि पडवळावर ठेवला. "आगं, पाल्यानं कुटं माणूस मरतंय व्हय?" असं ते पहिल्या महिन्यात म्हणाले. नंतर म्हणायचेही बंद झाले.

(ही गोळी कशी सापडली ते मी मागाहून वाचलं. १९२० च्या दशकात अमेरिका-कॅनडात गोड क्लोव्हर नावाच्या वनस्पतीचा खराब झालेला चारा खाऊन गुरं रक्तस्रावाने मरायला लागली. त्या चाऱ्यातलं द्रव्य शोधता शोधता पुढे वॉरफरिन तयार झालं. आधी उंदरांच्या विषासाठी, मग १९५४ पासून माणसांसाठी. बापूंना सांगितलं तर ते खूश झाले. "म्हंजी गुरांच्या पाल्यातनंच काढलंय की! आन् मला पाला बंद!")

आता जे सांगायचं टाळत होते ते.

जानेवारी २०१८. संक्रांतीच्या आसपास बापू हुरड्याला गावी गेले, नऊ दिवस. आई गुडघ्यामुळे गेली नाही, मुलीची परीक्षा म्हणून मी गेले नाही. मी पिशवीत गोळ्यांचं पाकीट ठेवलं, त्यावर पेनाने वार लिहिले, आणि चुलतभावाच्या बायकोला फोन करून सांगितलं, "वहिनी, तेल-मीठ कमी घाला हं." पाल्याचं बोलले नाही. लपवायचं म्हणून नव्हे, डोक्यातच आलं नाही. आमच्या घरात दोन वर्षं पालाच नव्हता, तर त्याची आठवण कुठून येणार? थंडीच्या दिवसांत शेतात काय असतं ते मात्र मला लहानपणापासून माहीत होतं. मेथी, करडईचा पाला, हरभऱ्याचे शेंडे, कांद्याची पात. वहिनींनी म्हाताऱ्या चुलत्याला प्रेमाने काय काय केलं असेल ते तुम्हीच समजा. सकाळी परतलेली भाजी, दुपारी कच्च्या मेथीचा घोळाणा, कांदा आणि कूट घालून. बापू परत आले ते तोंडावर तकाकी घेऊन. मी आईला म्हणाले सुद्धा, गाव मानवलं.

तिसऱ्या दिवशी सकाळी स्वयंपाकघरात चहा पिताना त्यांच्या हातातून कप सुटला. काचेचा होता. मी ओरडले. "बापू, लक्ष कुठंय तुमचं?" ते काहीतरी बोलले, मला कळलं नाही. मला वाटलं, रागाने पुटपुटतायत. मी खाली वाकून काचा गोळा केल्या. मग फडकं आणलं. मग मुलगी अनवाणी येईल म्हणून परत एकदा झाडलं. हे सगळं होईपर्यंत ते खुर्चीत तसेच बसलेले, उजवा हात मांडीवर ठेवलेला, तळवा वर. दहा मिनिटं तरी गेली असतील. आई आत आली, तिने त्यांच्या तोंडाकडे बघितलं आणि माझं नाव घेऊन हाक मारली. नुसतं नाव. तेव्हा मी वर बघितलं.

दवाखान्यात आयएनआर १.३ आला. मेंदूत गुठळी, छोटी. डॉक्टरांनी विचारलं, गेल्या काही दिवसांत खाण्यात बदल? आईने सांगितलं, गावी गेले होते. मग सगळं बाहेर आलं आणि सगळ्यांना एकदम कारण सापडलं: मेथी. दादाला फोनवर, काकांना फोनवर, भेटायला आलेल्या प्रत्येकाला आम्ही तेच सांगितलं. बोलणं चार दिवसांत परत आलं. हाताची चिमूट नाही आली.

त्याच संध्याकाळी मी त्यांची गावची पिशवी रिकामी केली. पाकिटात दोन गोळ्या जास्त होत्या. बुधवार आणि शनिवार.

डॉक्टरांना सांगितलं, लगेच. ते म्हणाले, दोन्ही मिळून झालं असेल, कशाने किती हे आता वेगळं काढता येणार नाही. घरात कुणालाच सांगितलं नाही. बापूंनी गोळ्या चुकवल्या म्हटलं की दादा त्यांना बोलणार, आई त्यांना बोलणार, आणि तोंड वाकडं झालेल्या माणसाला कुणी काही बोललेलं मला बघवलं नसतं. हे माझं तेव्हाचं कारण. चांगलं कारण आहे, असं मला अजून वाटतं. पण आठवड्याभराने वहिनींचा फोन आला, रडत होत्या. "वन्सं, म्या घातलं ओ बापूस्नी. म्याच घातलं." आणि मी म्हणाले, "असू द्या वहिनी, तुम्हाला काय माहीत."

या वाक्यावर मी सात वर्षं अडकले आहे. ऐकणाऱ्याला वाटेल, मन मोठं केलं. पण जिला सांगायला मी विसरले, तिलाच मी माफ करत होते. वर दोन गोळ्या माझ्या पर्समध्ये. त्यानंतर बापू गावी गेले की वहिनी त्यांच्या ताटात हिरवं काही वाढत नाहीत. बटाटा करतात. मी "थोडी चालते हो" म्हणते, त्या मान हलवतात आणि बटाटाच करतात.

तर काटा त्या महिन्यात आला. नव्या डॉक्टरांनी सांगितलं, पाला सुरू करा, पण ठरलेल्या वारी, ठरलेला, आणि तो सुरू असताना तपासण्या करत गोळी बसवू. चौघांना मिळून २०० ग्रॅम, आठवड्यातून चारदा. हा आकडा उचलू नका, तो बापूंच्या गोळीशी जुळवलेला आहे.

वजन निवडल्यावर आणि धुण्याआधी करायचं, कारण पानांवरचं पाणी आकडा वाढवतं. मोठी जुडी निवडून निम्मीच उरते. मग भरपूर पाण्यात बुडवून पाने वरच्या वर उचलून घ्यायची, पातेलं ओतायचं नाही, नाहीतर तळाला बसलेली माती परत भाजीवर येते. आमच्याकडे मेथी चिरत नाहीत. लोखंडी कढईत तेल, ठेचलेला लसूण आठ-दहा पाकळ्या, दोन सुक्या मिरच्या, अर्धा तास भिजलेली मूठभर मूगडाळ. डाळ जरा परतली की मेथीचा डोंगर आत. आच मोठी. दोन मिनिटांत डोंगराची टेकडी होते, म्हणून मीठ शेवटी. डोंगराच्या हिशोबाने घातलं तर खारट. झाकण अजिबात नाही. याच्यावरही जाऊबाईंशी वाद आहे. झाकलं की पानांतली आम्लं वाफेबरोबर उडून न जाता पुन्हा भाजीवर ठिबकतात, हिरव्या रंगातलं मॅग्नेशियम निघून जातं आणि भाजी शेवाळी दिसते. उघडी परता, पाच-सहा मिनिटांत होते, वरून कूट, आणि लगेच कढईतून काढा, लोखंडात ठेवली की काळी पडते. बापूंच्या ताटात एक डाव.

कुणी सुचवतं, मेथी उकळून पाणी फेकून दे, म्हणजे व्हिटॅमिन जाईल. जात नाही. व्हिटॅमिन के पाण्यात विरघळत नाही आणि स्वयंपाकाच्या आचेने फारसं कमी होत नाही. चव तेवढी जाते.

मागच्या दिवाळीत दादाचा मुलगा आला होता, इंजिनिअर आहे. अर्धा तास माझ्याकडे बघून म्हणाला, "आत्या, तू ग्रॅम मोजतेस, व्हिटॅमिन नाही. १०० ग्रॅम पालकात जवळजवळ ४८० मायक्रोग्रॅम, कोबीत ७६. मग ५० ग्रॅम म्हणजे ५० ग्रॅम कसं? आणि कोथिंबीर तर तू हाताने भुरभुरवतेस, तिच्यात ३१० आहे." मला त्याचा राग आला. कोथिंबिरीचं खरं होतं, तिचा विचारच केला नव्हता. मी म्हणाले, म्हणून तर मी वार ठरवलेत, मंगळवारी मेथी म्हणजे मेथी. तो म्हणाला, पण मातीमाती, जातीजातीत फरक असतो. असतो. आयएनआर महिन्याला तपासतोच आम्ही, त्याचा आकडाच खरा. मग काटा कशाला, असं त्याने विचारलं नाही. मी स्वतःलाच विचारलं आणि पोळ्या लाटायला घेतल्या.

काट्याने काय होतं ते सांगते. बापू मेथी निवडायला बसतात, डाव्या हाताने. आधी दोन्ही हातांनी टिपटिप खुडायचे, आता एक जुडी तासभर चालते. उजवा हात जुडी धरून ठेवतो, तेवढं त्याला जमतं. निवडून झालं की पातेलं माझ्याकडे सरकवतात आणि विचारतात, "किती भरली?" मी आकडा सांगते. त्यांना त्यात मजा वाटते, अंदाज लावतात, कधी पाच ग्रॅमच्या आत येतो. त्या दोन गोळ्यांबद्दल आम्ही कधीच बोललो नाही. त्यांना आठवतं का, मला माहीत नाही. वहिनी हे वाचतील, त्यांची मुलगी त्यांना वाचून दाखवेल. त्यांना फोन करायच्या आधी लिहायला बसले, हेही बरोबर की चूक कळत नाही.

आज मंगळवार. जुडी मोठी मिळाली, निवडून २१२ भरली. वरची १२ काढून बशीत ठेवली, उद्या आमटीत घालीन म्हणून. लसूण ठेचून मागे वळले तर बशी रिकामी, आणि बापू खिडकीबाहेर बघत काहीतरी चघळतायत.