सुट्टीवर आलेला माणूस

२०२२ साली नेटफ्लिक्सवर पहिल्या महायुद्धातल्या जर्मन शिपायांचा 'ऑल क्वायट ऑन द वेस्टर्न फ्रंट' आला तेव्हा ऑफिसात डब्याच्या वेळी सगळे त्याच्याबद्दलच बोलायचे, पुढे त्याला चार ऑस्कर पण मिळाले, मग मीही एका रविवारी पडदे ओढून बघितला. सिनेमा जबरदस्त आहे यात वाद नाही, चिखल असा दाखवलाय की उठून पाय धुवावेसे वाटतात. पण संपल्यावर मी बायकोला म्हटलं, अगं सुट्टी कुठंय? ती म्हणाली कसली सुट्टी. म्हटलं पुस्तकात तो हिरो पॉल मधे घरी येतो ना सुट्टीवर, ते अख्खं प्रकरणच उडवलंय की यांनी!

ती झोपायला गेली आणि मी कपाटातून एरिक मारिया रेमार्कची मूळ कादंबरी काढली. डेक्कनच्या फुटपाथवरून साठ रुपयाला घेतलेली इंग्लिश प्रत, पानं पिवळी पडलेली, आणि सातवं प्रकरण आपोआप उघडतं कारण तेच मी सगळ्यात जास्त वेळा वाचलंय.

त्यात पॉलला सतरा दिवस मिळतात, चौदा सुट्टीचे आणि तीन प्रवासाचे. घरी पोचतो, जिन्यात असतानाच बहीण वरून ओरडते की आई, पॉल आलाय, आणि याचे पायच हलेनात, तिथंच भिंतीला टेकून उभा, डोळ्यातून पाणी वाहतंय आणि त्याला स्वतःचाच राग येतोय. आई आजारी, अंथरुणाला खिळलेली. हा पिशवीतून आणलेलं काढतो, पाव, चीज, लोणी, सॉसेजचे डबे, तांदूळ, कारण घरी खायची मारामार आहे. मग आई विचारते, तिकडे फार वाईट असतं का रे? आणि हा म्हणतो, नाही गं, तितकं काही नाही.

वडिलांचं वेगळंच, त्यांना वाटतं पोरानं युनिफॉर्म घालूनच हिंडावं म्हणजे चार लोकांना दाखवता येईल, शिवाय त्यांना आघाडीवरचे किस्से पण ऐकायचेत. आणि गावातले मास्तर लोक बिअर पीत बसलेत, ते याला समजावून सांगतात की फ्रान्समध्ये कुठून घुसायला पाहिजे आणि बेल्जियम तर आख्खा घ्यायलाच पाहिजे. म्हणजे जो तिथून आलाय त्याला हे सांगतायत! आपल्याकडे पारावर बसून जे लोक दर पाच मिनिटाला लाहोर घेतात त्यांचेच हे जर्मन भाऊ.

आणि मग तो मेलेल्या मित्राच्या आईला भेटायला जातो. केमेरिख पाय कापल्यावर दवाखान्यात तळमळत गेलेला असतो, पॉल शेजारी बसलेला असतो तेव्हा. पण आईला तो शपथेवर सांगतो की गोळी लागली आणि जागच्या जागी गेला, काही कळलंच नाही त्याला. ती पुन्हा पुन्हा शपथा घालते आणि हा सगळ्या घेतो. मला त्या पुस्तकातल्या कुठल्याही बॉम्बपेक्षा ही खोटी शपथ जास्त लागते.

रेमार्क स्वतः अठराव्या वर्षी सैन्यात ओढला गेला, १९१७ मध्ये तोफगोळ्याचे तुकडे लागून जखमी झाला, आणि पुस्तक आलं १९२९ मध्ये, म्हणजे युद्ध संपून दहा वर्षं उलटल्यावर. पुढे नाझींनी त्याची पुस्तकं चौकात जाळली हे बहुतेकांना माहिती असतं. त्यानं १९३१ मध्ये 'द रोड बॅक' नावाची पुढची कादंबरी लिहिली हे कमी लोकांना माहिती असतं, आणि माझं तर म्हणणं आहे की सैनिकाचं खरं पुस्तक तेच. युद्ध संपलंय, पोरं घरी आलीत, एर्न्स्ट नावाचा पोरगा काकाकडे जेवायला जातो आणि नकळत ताटातला मांसाचा तुकडा हातात धरून ओरबाडायला लागतो. मग सगळं टेबल गप्प. त्याच्याबरोबरची पोरं एकेक करून मोडतात, कुणी स्वतःला संपवतो, कुणी प्रेयसीबरोबरच्या माणसाला गोळी घालून कोर्टात उभा राहतो, आणि कोर्टाला कळतच नाही की चार वर्षं ज्याला गोळ्या घालायलाच शिकवलं त्यानं आता घातली तर त्याचे हे मित्र कोर्टावरच का ओरडतायत. शेवटी शेवटी जंगलात शाळकरी पोरं सैनिक-सैनिक खेळताना दिसतात. १९३१ साली लिहिलंय हे, दोन वर्षांनी जर्मनीत काय झालं ते आठवलं की अंगावर काटा येतो.

आता हे मला इतकं का जवळचं वाटतं तर आमच्या घरात हे सातवं प्रकरण दर वर्षी घडायचं. आम्ही सातारा जिल्ह्यातले, आमच्याकडे घरटी एक माणूस मिल्ट्रीत. जवळच अपशिंगे गाव आहे ज्याच्या नावातच मिलिटरी आहे, तिथले ४६ जण पहिल्या महायुद्धात कामी आले. आमचे तात्या म्हणजे आजोबांचे धाकटे भाऊ. ते सुट्टीवर आले की आधी एसटीच्या टपावरून काळी ट्रंक उतरायची, तिच्यावर पांढऱ्या रंगानं नाव आणि नंबर, आणि आम्ही पोरं तिच्यामागे पळत घरापर्यंत. ट्रंकेत कँटीनचं सामान, साबण, बिस्किटं, आजोबांना रमची बाटली. आणि रात्री अंगणात सगळी भावकी जमली की आमचा ठरलेला प्रश्न, तात्या ७१ ला किती मारले?

तात्या म्हणायचे, आरं मी डायवर, मी गाडी चालवायचो. बास. आमचा एवढा हिरमोड व्हायचा की विचारू नका. गावात दुसरे एक होते ते मस्त सांगायचे, टँक बिंक, त्यामुळे आम्ही सगळी पोरं त्यांच्या ओसरीवर. खूप नंतर कळलं की ते त्या लढाईत नव्हतेच.

आपण प्रश्नच असा विचारतो की त्याला उत्तर म्हणून एकतर खोटं तरी येतं नाहीतर गप्प बसणं. या सगळ्या चांगल्या कादंबऱ्या मला आता ऐकणाऱ्याबद्दलच्या वाटायला लागल्यात. लढणारा त्यात आहेच, पण त्याच्यासमोर कोण बसलंय, त्याच्यावर पुस्तक चालतं.

व्हर्जिनिया वुल्फचं 'मिसेस डॅलोवे' घ्या, १९२५ चं. (कॉलेजात होतं तेव्हा मी गाईड वाचून पास झालो, खोटं कशाला बोलू.) लोकांना ते एका श्रीमंत बाईच्या पार्टीचं पुस्तक म्हणून माहिती आहे, पण त्याच दिवशी त्याच लंडनमध्ये सेप्टिमस नावाचा माणूस बाकावर बसलाय आणि त्याला चिमण्या ग्रीक भाषेत गाताना ऐकू येतायत. त्याचा मित्र इव्हान्स युद्धबंदीच्या जरासंच आधी इटलीत मेला, तेव्हा याला काहीच वाटलं नाही आणि त्यानं स्वतःची पाठ थोपटून घेतली की वा, आपण किती खंबीर. नंतर कळलं की आता कशाचंच काही वाटत नाहीये. एक डॉक्टर सांगतो तुम्हाला काहीही झालेलं नाही, छंद लावून घ्या. दुसरा मोठा, 'सर' किताबवाला, तो पेशंटला बरोबर पाऊण तास देतो, आणि विश्रांती, दूध, घरच्यांपासून लांब ठेवणं हे त्याचं औषध. ऐकत कुणीच नाही. फक्त बायको रेझिया, मिलानची, टोप्या बनवणारी. शेवटच्या दुपारी दोघं मिळून एका बाईची टोपी सजवतात, हा रंग निवडतो, ती शिवते, दोघं हसतात, कितीतरी दिवसांनी हसतात, आणि मग जिन्यावर त्या पहिल्या डॉक्टरची पावलं वाजतात आणि हा खिडकीतून उडी टाकतो. डॉक्टर काय म्हणतो? भित्रा! त्या टोपीवाल्या दोन-तीन पानांसाठी अख्खं पुस्तक वाचा, मधे कंटाळा आला तरी.

पीटीएसडी, म्हणजे युद्धासारख्या भयंकर अनुभवानंतर मनाला जडणारा आजार, हा शब्द अमेरिकन मानसोपचारवाल्यांच्या अधिकृत यादीत आला १९८० मध्ये. वुल्फबाईंनी पंचावन्न वर्षं आधी सगळं लिहून ठेवलेलं.

ऐकणारा भेटलाच तर काय होतं ते पॅट बार्करच्या 'रीजनरेशन'मध्ये आहे, १९९१ चं. स्कॉटलंडमधलं क्रेगलॉकहार्ट हॉस्पिटल, १९१७, आणि डॉक्टर रिव्हर्स. हा खराखुरा माणूस, युद्धाच्या आधी आपल्या निलगिरीत येऊन तोडा लोकांचा अभ्यास करून गेलेला. तो पेशंटना विसरा असं म्हणत नाही, आठवा म्हणतो, आणि बसून ऐकतो. आणि ऐकून ऐकून स्वतःच खचत जातो, त्यालाच रजेवर जावं लागतं. हे मला फार खरं वाटलं. पण तिथेही भेद आहेच, कारण ते हॉस्पिटल ऑफिसरांचं. साध्या शिपायाची वाचा गेली तर दुसरीकडे त्याला विजेचे शॉक देऊन बोलायला लावायचे, तो प्रसंग मी एका बैठकीत वाचू शकलो नाही.

आणि आपण कायम गोऱ्यांच्याच दुःखाचं वाचतो म्हणून बाओ निन्हचं 'द सॉरो ऑफ वॉर' मुद्दाम मागवलं. व्हिएतनामी, आणि जिंकलेल्या बाजूचा! लेखक स्वतः १९६९ मध्ये ज्या तुकडीतून गेला तिथले पाचशेतले दहा परत आले म्हणतात. नायक किएन युद्ध संपल्यावर जंगलात हाडं गोळा करायच्या पथकात आहे, मेलेल्यांची नावं लावतोय. मग हनोईत परत, तर छताचा पंखा फिरला की हेलिकॉप्टर ऐकू येतं. रात्र रात्र लिहितो, दारू पितो, आणि हे सगळं ऐकायला कोण, तर वरच्या मजल्यावर राहणारी मुकी बाई. त्यानं जाळायला काढलेले कागद तीच जपून ठेवते. पानं उलटसुलट झालेली, पुस्तकही तसंच आहे, सुरुवातीला डोकं चक्रावतं, मी दोनदा सोडलं होतं. सरकारला आवडलं नाही कारण विजयाचं पुस्तक असं रडतं का कुठं.

आपल्याकडे मुल्कराज आनंद यांची लालू नावाच्या पंजाबी शिपायावरची तीन पुस्तकं आहेत, त्यातल्या तिसऱ्यात, 'द सोर्ड अँड द सिकल', १९४२ चं, लालू जर्मनांच्या कैदेतून पंजाबात परत येतो तर घरदार, जमीन काहीच शिल्लक नाही. पण आनंद लगेच त्याला शेतकऱ्यांच्या चळवळीत नेतात आणि माणूस मागे पडून भाषणं पुढे येतात, असं आपलं माझं मत.

मराठीत असं घरी आलेल्या शिपायाचं पुस्तक माझ्या वाचनात तरी आलेलं नाही, आलं असेल तर सांगा, मी शोधत असतो. वास्तविक सामान भरपूर आहे. पहिल्या महायुद्धात इराकमधल्या कुत शहराच्या वेढ्यात जी फौज अडकली ती सहावी पूना डिव्हिजन, त्यात मराठा पलटणी होत्या. डिसेंबर १९१५ ते एप्रिल १९१६, उपासमार, घोडे कापून खाल्ले, आणि शरण गेल्यावर वाळवंटातून पायी कैदेत. त्यातून जो कोणी परत आला असेल तो कोरेगावला, पाटणला, खेडला कुठल्या तरी घरी जेवायला बसला असेल आणि कुणीतरी विचारलं असेल, काय मग, कसं होतं तिकडं? त्या पहिल्या जेवणाचं एक पान तरी कुणी लिहायला हवं होतं.

मागच्या दिवाळीत गावी गेलो होतो. तात्या आता पंच्याहत्तरीचे, जरा कमी ऐकू येतं. डोक्यात ही सगळी पुस्तकं होतीच, म्हणून मी प्रश्न बदलून बघितला. म्हटलं, तात्या, ७१ ला तुमची गाडी जाताना दारूगोळा घेऊन जायची ना, मग येताना रिकामी यायची का?

ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मला वाटलं ऐकू नाही आलं. मग म्हणाले, "जाताना दामटायची. येताना मातर हळू चालवाय लागायची. लई खड्डं व्हतं रस्त्याला."

मी पुढे काही विचारणार तेवढ्यात लाईट आली, आणि ते बॅटरी घेऊन मोटर चालू करायला मळ्यात निघून गेले.