उकललेलं अंजीर आणि आमची वाटचाल

आमची बाग सासवडजवळ, पुरंदर तालुक्यात. अंजिराचे आमच्याकडे दोन बहार, खट्टा आणि मीठा. मीठा बहारातलं फळ उन्हाळ्यात येतं, आणि एप्रिलचं ऊन लागलं की थांबायला तयार नसतं. आज हिरवट दिसलेलं उद्या पिकून उकललेलं असतं. पहाटे तोडणी करायची, पाट्या भरायच्या आणि दिवे घाट उतरून पुण्याचं मार्केट यार्ड गाठायचं, हा वर्षानुवर्षांचा क्रम.

पण तळाशी चीर गेलेलं, आतला लाल गर दाखवणारं फळ वाटेतच गळायला लागतं, म्हणून त्याला बाजारात भाव नाही. खरं तर सगळ्यात गोड तेच. अंजीर तोडल्यावर मऊ होतं, गोडी वाढत नाही. ती झाडावरच भरावी लागते. असा माल गुरांपुढे टाकताना जीव तुटायचा. त्यातूनच गोठवायचं मनात आलं.

पहिल्या वर्षी घरच्या डीप फ्रीझरमध्ये फळं धुऊन ओलीच पिशवीत कोंबली. सकाळी पाच किलोंचा एकच दगड! वेगळी करताना साली सोलून निघाल्या, वितळल्यावर गर एकीकडे, पाणी एकीकडे. फळ हळूहळू गोठलं की बर्फाचे मोठे कण होतात आणि आतल्या पेशी फाटतात, हे तेव्हा समजलं.

मग कर्ज काढून ब्लास्ट फ्रीझर, म्हणजे अतिथंड हवेच्या झोतात फळ झटपट गोठवणारं यंत्र, घेतला. आता तोडलेलं फळ त्याच दिवशी धुतो, पंख्याखाली कोरडं करतो, देठ काढतो आणि ट्रेमध्ये एकाच थरात, एकमेकांना न चिकटवता मांडतो. कडक गोठलं की किलोच्या पिशव्या, हवा काढून, उणे १८ अंशांत. हाताने हलवली की पिशवी खडखडली पाहिजे. नाही खडखडली तर ती बाहेर पाठवत नाही.

गिऱ्हाइकाला आम्ही स्पष्ट सांगतो, हे वितळल्यावर ताज्यासारखं टणक राहणार नाही. आइस्क्रीम, मिल्कशेक, जॅम, बर्फीला घ्या. नुसतं खायचं तर अर्धवट गोठलेलंच खा, फार छान लागतं. आणि एकदा वितळलेलं पुन्हा गोठवू नका.

२०१६ साली पुरंदरच्या अंजिराला भौगोलिक मानांकन मिळालं, त्याचा आम्हाला फार अभिमान आहे. यंदा शेजारच्या दोन बागांचाही उकललेला माल घेतोय. भाव सकाळी बांधावरच ठरतो, पैसे संध्याकाळपर्यंत हातात.