रकाना क्रमांक सात

पानशेतच्या पुरावर २० मिनिटांचा माहितीपट करायला घेतला तेव्हा वाटलं होतं, मुलाखती जड जातील. त्या आठवडाभरात उरकल्या. मी अडकलो तो एका फॉर्मच्या सातव्या रकान्यात.

पुराचं जुनं चित्रण मागायला ज्या कार्यालयात अर्ज केला, त्याचं नाव घेत नाही, पुढेही तिथेच जायचंय. त्यांच्या सूचीत नोंद एवढीच : 'पूर, पुणे, १९६१. ३५ एमएम, कृष्णधवल.' आणि रकाना सात म्हणतो : 'हवा असलेला भाग, कुठून कुठपर्यंत, सेकंदांत.' अहो, रीळ बघितल्याशिवाय सेकंद कुठून आणू? ''बघता येईल की. त्यासाठी अर्ज करा.'' अर्ज तोच. रकाना सातही तोच. 'पाहून कळवतो' लिहिलं, 'अपूर्ण' असा शेरा मारून परत. रेघ मारली, परत. तिसऱ्या खेपेला साहेब रजेवर, चौथ्या खेपेला साहेबांची बदली. नवीन साहेबांनी पहिल्यापासून सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, ''तेवढा सात नंबर भरून आणा.''

सुटका केली ती रिळं सांभाळणाऱ्या काकांनी. जिन्यात भेटले, म्हणाले, ''कार्डावर फूट किती लिहिलेत?'' ४५०. ''३५ एमएमचं ९० फुटांना एक मिनिट. करा भागाकार.'' पाच मिनिटं. लिहिलं, '० ते ३०० सेकंद', म्हणजे अख्खं रीळ! त्याच दुपारी मंजुरी. तीन महिने गेले होते. (१६ एमएम असेल तर मिनिटाला ३६ फूट धरा.)

कॉपीराइटचं मी कार्यालयात तोऱ्यात सांगून पाहिलं : चित्रपटाचे हक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं, म्हणजे १९६१ चे २०२१ अखेर संपले. मान डोलावून त्यांनी पावतीपुस्तक काढलं. हक्क संपले तरी रीळ त्यांच्या कपाटात. स्कॅनिंगचे आणि प्रतीचे पैसे पडतातच. मागच्या संगीताचं गणित आणखी वेगळं, संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. मी सरळ आवाज काढून टाकला.

खरं सोनं मिळालं नारायण पेठेतल्या एका माळ्यावर. ८ एमएमचं घरगुती रीळ, जेमतेम चार मिनिटांचं. डबा उघडला तर व्हिनेगरचा भपकारा! ॲसिटेट नावाच्या प्लॅस्टिकची फिल्म कुजायला लागली की हा वास येतो, आणि शेजारच्या डब्यांनाही लागण होते. असं रीळ हौसेनं प्रोजेक्टरवर चढवू नका. ते आकसलेलं असतं, कडेची भोकं फाटतात. थेट स्कॅनिंगला न्या, तोवर थंड, कोरड्या जागी वेगळं ठेवा.

आणि हो, स्कॅन करताना गती विचारा. घरगुती रिळं बरीचशी सेकंदाला १६ फ्रेमची. आम्ही आधी २४ नं लावलं, तर पूरग्रस्त तुरुतुरु पळायला लागले. स्टुडिओतला पोरगा हसला. १६ वर आणल्यावर कुठे ती बाई नीट दिसली, दारात बसून पितळी पातेल्यातला चिखल हातानं काढणारी.